फ्रँकोचा नंबर दोन : जनरल मुन्योस ग्रांदेस आणि बढतीची करामत

जुनी फाईल (धागाकर्ता)

मागे स्पेनचा हुकूमशहा फ्रँको याच्यावरच्या धाग्यात कुणीतरी विचारलं होतं की जो माणूस स्वतः उठाव करून सत्तेवर आला, त्याच्याविरुद्ध पुढच्या छत्तीस वर्षांत त्याच्या एकाही जनरलने उठाव कसा केला नाही? उत्तरं ठरलेली आली. भीती, गुप्त पोलीस, कम्युनिस्टांचा बागुलबुवा. ती चूक नाहीत, पण अपुरी आहेत. छातीवर पदकांची रांग असलेल्या जनरलला पोलिसांची भीती किती वाटणार? त्याला धरायला जाणार तरी कोण? म्हणून हा वेगळा धागा.

माझ्या मते खरं उत्तर एका माणसाच्या कारकिर्दीत स्वच्छ दिसतं. आगुस्तीन मुन्योस ग्रांदेस. या गृहस्थांनी एका जन्मात इतक्या टोप्या घातल्या की यादी वाचूनच दम लागतो: स्पॅनिश प्रजासत्ताकाच्या नव्या पोलीस दलाचा संस्थापक, फालांखे या राजवटीच्या एकमेव, फॅसिस्ट वळणाच्या पक्षाचा सरचिटणीस, हिटलरच्या हातून पदक घेतलेला डिव्हिजन कमांडर, अमेरिकन लष्करी मदत येऊ लागली तेव्हाचा लष्करमंत्री आणि शेवटी फ्रँकोच्या सरकारचा उपाध्यक्ष. पायरीगणिक माणूस मोठा होत गेला आणि, अगदी मोजके अपवाद सोडले तर, पायरीगणिक त्याच्या हाताखालचे सैनिक कमी होत गेले. मला सांगायचं आहे ते एवढंच. बाकी तपशील.

जन्म २७ जानेवारी १८९६, काराबांचेल बाहो. आज हा माद्रिदचा एक भाग आहे, तेव्हा शहराबाहेरचं गाव होतं. घर साधं. किशोरवयात तोलेदोच्या पायदळ अकादमीत भरती आणि तिथून मोरोक्को. त्या काळच्या स्पॅनिश अधिकाऱ्याला लवकर वर चढायचं असेल तर मोरोक्कोशिवाय रस्ता नव्हता. मायदेशातल्या छावणीत सेवाज्येष्ठतेची रांग लावून पन्नाशीपर्यंत मेजर व्हायचं, नाहीतर रिफच्या डोंगरात जाऊन गोळी खायची आणि युद्धातल्या कामगिरीवर बढती घ्यायची. फ्रँको याच रस्त्याने ३३ व्या वर्षी ब्रिगेडियर झाला. मुन्योस ग्रांदेसही 'रेगुलारेस'मध्ये, म्हणजे मोरोक्कन शिपाई आणि स्पॅनिश अधिकारी असलेल्या पलटणींमध्ये वाढला. १९२५ मध्ये स्पेन आणि फ्रान्सने मिळून रिफच्या बंडाचा नेता अब्द अल-करीम याच्याविरुद्ध आलुसेमासच्या उपसागरात सैन्य उतरवलं, त्या मोहिमेत तो गंभीर जखमी झाला. या आफ्रिकावाल्या अधिकाऱ्यांची पुढे एक जातच तयार झाली. एकमेकांना टोपणनावाने हाक मारणारी, मुलकी राजकारण्यांना तुच्छ लेखणारी. १९३६ चा उठाव याच मंडळींनी केला.

पण त्याआधी १९३१ मध्ये राजा गेला आणि प्रजासत्ताक आलं. नव्या सरकारला शहरातली दंगल हाताळायला ग्रामीण भागातल्या बदनाम गुआर्दिया सिव्हिलपेक्षा वेगळं, आपल्याशी निष्ठावान दल हवं होतं. ते उभं करायचं काम दिलं कुणाला? आफ्रिकेतून आलेल्या मुन्योस ग्रांदेसला. 'गुआर्दिया दे आसाल्तो' त्याने उभं केलं. उंच, तगडे जवान, निळे गणवेश, उघड्या ट्रकमधून क्षणात उतरणाऱ्या तुकड्या. काम चोख केलं. यात मला तरी विरोधाभास दिसत नाही. हा माणूस कुठल्याही मालकाचं काम चोख करणारा होता, आणि हा गुण हुकूमशहाला जितका आवडतो तितकाच सलतोही.

१९३६ च्या उठावाने यादवी सुरू झाली तेव्हा तो प्रजासत्ताकाच्या ताब्यातल्या माद्रिदमध्ये होता, म्हणजे चुकीच्या बाजूला. अटक झाली. १९३७ मध्ये सुटून फ्रँकोच्या मुलखात पोहोचला, नावार्राच्या ब्रिगेडींपैकी एक त्याला मिळाली आणि युद्ध संपेपर्यंत तो कोअर कमांडर झालेला होता.

ऑगस्ट १९३९ मध्ये त्याच्या हाती फालांखेचं सरचिटणीसपद आलं, मंत्र्याच्या दर्जाचं. गणवेशातला माणूस पक्षाच्या डोक्यावर. पक्षाला वाटलं लष्कराने आपल्याला गिळलं, लष्कराला वाटलं हा पक्षाचा झाला. सात-आठ महिन्यांत तो तिथून बाहेर पडला आणि जिब्राल्टरसमोरच्या पट्ट्यात कमांडवर गेला.

आता मुख्य प्रकरण. जून १९४१ मध्ये जर्मनीने रशियावर हल्ला केला आणि २४ जूनला परराष्ट्रमंत्री सेरानो सुन्येरने माद्रिदमधल्या बाल्कनीतून 'रशिया दोषी आहे' अशी आरोळी ठोकली. स्वयंसेवकांची एक डिव्हिजन पाठवायचं ठरलं. फालांखेच्या निळ्या शर्टावरून तिला 'दिव्हिसिओन आसुल', निळी डिव्हिजन, म्हणू लागले. जर्मन हिशेबात ती २५० वी इन्फंट्री डिव्हिजन. सुरुवातीला सुमारे १८,००० माणसं होती, पुढे बदली तुकड्या धरून जवळपास ४५,००० जण जाऊन आले आणि पाच हजारांच्या आसपास तिकडेच मेले. नेतृत्वाला लष्कराचा विश्वास असलेला आणि पक्षालाही चालणारा माणूस हवा होता. असा एकच होता.

बव्हेरियातल्या ग्राफनवोरला प्रशिक्षण झालं. अंगावर जर्मन करडा गणवेश, उजव्या दंडावर 'एस्पान्या' लिहिलेली ढाल, आणि कॉलरच्या आतून हळूच दिसणारा निळा शर्ट. तो शर्ट नियमात बसत नव्हता, तरी पोरं घालायचीच. पोलंडच्या सीमेवर रेल्वेतून उतरवल्यावर शेकडो किलोमीटर पायी चालवत त्यांना स्मोलेन्स्कच्या दिशेला नेलं आणि मग आयत्या वेळी उत्तरेला वळवून नोव्हगोरोदजवळ वोल्खोव नदीवर बसवलं. जानेवारी १९४२ मध्ये वेढ्यात अडकलेल्या जर्मन तुकडीच्या सुटकेसाठी २०६ स्पॅनिश स्कीवाले गोठलेलं इल्मेन सरोवर ओलांडून गेले. मोहीम संपली तेव्हा लढण्याच्या स्थितीत बारा उरले होते.

मुन्योस ग्रांदेस हेडक्वार्टरमध्ये बसून नकाशे बघणारा नव्हता. खंदकात जायचा, शिपायांचंच जेवण जेवायचा. जर्मनांवर छाप पडली. मार्च १९४२ मध्ये नाइट्स क्रॉस हे जर्मन शौर्यपदक मिळालं. जुलैमध्ये हिटलरशी लांबलचक भेट झाली. आणि इथून फ्रँकोच्या पोटात गोळा आला असणार, कारण हिटलरच्या खासगी गप्पांच्या नोंदींत हा जनरल स्पेनसाठी योग्य माणूस असल्याचे उल्लेख येऊ लागतात. फ्रँको फ्रान्सच्या सीमेवरच्या हेन्दाय स्टेशनवर १९४० मध्ये युद्धात उतरायची तारीख न देता हिटलरला खेळवून परतला होता. त्याच्या जागी युद्धात उतरायला तयार असलेला, हाताशी अनुभवी डिव्हिजन असलेला, तरुण फालांखेवाल्यांच्या गळ्यातला ताईत असा पर्याय बर्लिनला दिसत होता.

तुम्ही फ्रँको असता तर काय केलं असतं? परत बोलावून चौकशी लावली असती, तर शहीद तयार झाला असता. तिथेच ठेवला असता, तर हिटलरच्या हातात हुकमाचा पत्ता राहिला असता. फ्रँकोने एस्तेबान इन्फांतेस नावाचा दुसरा जनरल बदलीवर धाडला. हिटलरने ही बदली महिनोन्महिने लांबवली. अखेर १३ डिसेंबर १९४२ ला ओक लीव्ह्ज, म्हणजे नाइट्स क्रॉसची वरची पायरी, देऊन त्याने मुन्योस ग्रांदेसला निरोप दिला. हा नायक माद्रिदला परतला, जंगी स्वागत झालं, आणि फ्रँकोने त्याला लेफ्टनंट जनरल केलं.

झालं. लेफ्टनंट जनरल डिव्हिजन सांभाळत नाही, ते त्याच्या हुद्द्याला शोभत नाही. रशियाचा परतीचा रस्ता बंद. काही महिने कुठलीच जबाबदारी दिली नाही आणि मग मार्च १९४३ मध्ये नेमणूक कुठे, तर फ्रँकोच्या स्वतःच्या 'कासा मिलितार'चा, म्हणजे खासगी लष्करी कार्यालयाचा, प्रमुख म्हणून! एल पार्दो राजवाड्यात, साहेबांच्या डोळ्यांसमोर, रोज सकाळी सलाम ठोकायला. अपमान शून्य. कुणी तक्रार करायची सोयच ठेवली नाही.

पुढचं भरभर सांगतो. १९४५ माद्रिदचा लष्करी प्रांत. १९५१ लष्करमंत्री. त्याच काळात २६ सप्टेंबर १९५३ चा अमेरिकेशी करार आला आणि तोर्रेखोन, मोरोन, सारागोसा, रोता इथले तळ आले. हिटलरच्या हातून ओक लीव्ह्ज घेतलेल्या माणसाने दहा-बारा वर्षांत अमेरिकन जनरलांबरोबर परेडी पाहिल्या, आणि दोन्ही बाजूंपैकी कुणालाच त्यात अवघड वाटलं नाही. १९५७ मध्ये मंत्रिपद गेलं, पण त्याच वर्षी 'कॅप्टन जनरल' हा सर्वोच्च हुद्दा मिळाला. वारेला, याग्वे, मोस्कार्दो यांना तो मेल्यावर मिळाला. फ्रँकोच्या राज्यात तोवर जिवंतपणी मिळालेला, फ्रँकोखेरीज, हा एकटाच. १९५८ मध्ये 'आल्तो एस्तादो मायोर'चा प्रमुख. नाव भारदस्त, काम तिन्ही दलांत समन्वय, हाताखाली रेजिमेंट एकही नाही.

२४ डिसेंबर १९६१ ला शिकार करताना फ्रँकोची बंदूक फुटली आणि डाव्या हाताच्या चिंधड्या झाल्या. साहेब गेले तर काय, हा प्रश्न पहिल्यांदा सगळ्यांच्या तोंडी आला. जुलै १९६२ मध्ये मुन्योस ग्रांदेस सरकारचा उपाध्यक्ष झाला. जगाला वाटलं वारसदार ठरला. वारसदाराचं वय ६६, साहेबांचं ६९. जुलै १९६७ मध्ये त्याला दूर केलं. कागदावर कारण पदांच्या कायदेशीर विसंगतीचं, खरं कारण असं की याला राजेशाही नको होती आणि फ्रँकोच्या मनात तोवर राजपुत्र हुआन कार्लोस वारस म्हणून पक्का होत चालला होता. सप्टेंबरमध्ये ती खुर्ची अॅडमिरल कारेरो ब्लांकोला मिळाली. ११ जुलै १९७० ला मुन्योस ग्रांदेस वारला, हुआन कार्लोसची वारस म्हणून घोषणा झाल्यानंतर वर्षभरात. निषेधाचा एक शब्द जाहीरपणे काढला नाही.

मतं मांडा. शिव्या घालायच्या तर संदर्भासहित घाला.

---

आडवाट

झकास धागा. बुकमार्क करून ठेवला.

एक शंका. त्याने उभं केलेलं आसाल्तो दल यादवीत कुणाच्या बाजूने गेलं?

---

जुनी फाईल

@आडवाट, बहुतांशी प्रजासत्ताकाच्या. बार्सिलोनात १९ जुलै १९३६ ला उठावकर्त्या पलटणी रस्त्यावर आल्या तेव्हा त्यांना अडवण्यात कामगारांच्या जोडीने आसाल्तोवाले पुढे होते. त्याच्या आठवडाभर आधी, १२ जुलैला, माद्रिदमध्ये आसाल्तोच्या लेफ्टनंट कास्तियोचा खून झाला आणि सूड म्हणून त्याच्या सहकाऱ्यांनी उजव्यांचा नेता काल्व्हो सोतेलोला रात्री घरातून उचलून मारलं. उठावाची तयारी आधीच सुरू होती, पण काठावर बसलेले या खुनाने हलले. म्हणजे बापाने वाढवलेलं पोर परक्या घरी गेलं म्हणा ना.

---

हरकत आहे

लेख रंजक आहे, हरकत आहे.

एक : 'खंदकात जायचा, शिपायांचं जेवण जेवायचा' वगैरे वाचून गहिवर येण्याआधी आठवण करून देतो की ही डिव्हिजन ऑगस्ट १९४२ पासून लेनिनग्राडच्या आघाडीवर होती. त्या वेढ्यात लाखो नागरिक उपासमारीने मेले. स्पॅनिश सैनिकांनी जर्मनांसारख्या सामूहिक कत्तली केल्या नाहीत हे ठीक, पण ज्या फळीने शहर उपाशी मारलं त्या फळीचा एक तुकडा हे लोक धरून होते. जनरल साधा जेवायचा याचं मला कौतुक नाही.

दोन : तुमच्या सिद्धांतात मोठं भोक आहे. १९४५ ते १९५१ हा माणूस माद्रिदच्या लष्करी प्रांताचा प्रमुख होता. राजधानीतलं सगळं सैन्य त्याच्या हाताखाली. फ्रँकोला त्याची इतकी धास्ती होती तर घराच्या किल्ल्या त्याच्याच हातात कशा दिल्या?

---

जुनी फाईल

@हरकत आहे, पहिला मुद्दा शंभर टक्के मान्य. साधेपणा हा गुण म्हणून नाही, कारण म्हणून लिहिला. त्याचे विरोधकही मान्य करतात की तो पैशाला शिवला नाही. फ्रँकोच्या भोवतालचे बरेच जण कंपन्यांच्या संचालक मंडळांवर, आयात परवान्यांवर, जमिनींवर गबर झाले आणि फ्रँको ते बघून न बघितल्यासारखं करायचा. फाईल तयार राहते ना! या माणसाची फाईलच तयार होत नव्हती. मग उरतो मान.

जाता जाता, त्या डिव्हिजनचा हिशेब अजून मिटलेला नव्हता. २०१५ साली जर्मन सरकारने संसदेत दिलेल्या उत्तरातून कळलं की निळ्या डिव्हिजनमधल्या हयात जखमींना आणि विधवांना मिळून वर्षाला लाखभर युरो पेन्शन तेव्हाही जात होती.

दुसरा मुद्दा चांगला आहे. पण १९४५ चं चित्र बघा. हिटलर संपला, म्हणजे याचा बाहेरचा आधार संपला. आता फ्रँकोला धोका होता तो राजेशाहीवाल्या जनरलांचा. ८ सप्टेंबर १९४३ ला आठ लेफ्टनंट जनरलांनी सहीनिशी पत्र देऊन 'आता राजाला परत आणा' असं नम्रपणे सुचवलं होतं. किंदेलान, ओर्गास, वारेला, सालिकेत, दाव्हिला, पोन्ते, सोल्चागा, मोनास्तेरियो. त्या यादीत मुन्योस ग्रांदेस नाही. राजेशाहीला मनापासून विरोध असलेला, पाठीराखा उरलेला नाही असा माणूस राजधानीत बसवणं हे त्या घडीला सगळ्यात सुरक्षित होतं. तेच मत १९६७ मध्ये अडचणीचं झालं. माणूस तोच राहिला, धोक्याची दिशा बदलली.

---

खडूस तलाठी

पैशाचा विषय निघालाच आहे तर त्यातला मोठा घोटाळा सांगितलाच पाहिजे. १९४० पासून ब्रिटिशांनी स्पॅनिश जनरलांना लाच दिली, आणि ती किरकोळ नव्हती. माद्रिदमधला ब्रिटिश नौदल अधिकारी अॅलन हिलगार्थ आणि मायोर्काचा अब्जाधीश हुआन मार्च यांनी मिळून ही योजना चालवली. सुमारे १ कोटी ३० लाख डॉलर. जनरलांना सांगितलं होतं की हा पैसा स्पेनला युद्धाबाहेर ठेवू पाहणाऱ्या बँकांचा आणि व्यापाऱ्यांचा आहे. न्यूयॉर्कमधल्या स्विस बँकेच्या खात्यात रक्कम ठेवली आणि अमेरिकन अर्थखात्याने संशयावरून ते खातंच गोठवलं! लंडनची धावपळ उडाली, वॉशिंग्टनला विनवण्या कराव्या लागल्या. हे सगळं लाच वेळेवर पोहोचावी म्हणून. सरकारी कामात अडथळा म्हणतात तो हाच.

लाच घेणाऱ्यांत जनरल आरांदाचं नाव सगळ्यात ठळक, त्याशिवाय किंदेलान, ओर्गास, वारेला. मुन्योस ग्रांदेस नाही. म्हणजे ब्रिटिशांनी ज्यांना विकत घेतलं ते राजेशाहीवाले, आणि ज्याला विकत घेता आलं नसतं तो हिटलरकडे. फ्रँको मधोमध बसून दोघांना एकमेकांवर घालत होता.

---

दोन ओळींचा

+१. तलाठीबुवा, 'सरकारी कामात अडथळा' ला दंडवत. :)

---

पणजीकर

हुकूमशाहीतल्या जनरलची गोष्ट वाचून आम्हा गोंयकारांना गोव्याचा शेवटचा पोर्तुगीज गव्हर्नर जनरल वासालु ए सिल्व्हा आठवल्याशिवाय राहत नाही. फ्रँकोच्या शेजारी पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार. डिसेंबर १९६१ मध्ये त्याने वासालु ए सिल्व्हाला कळवलं की शरणागती नाही, लढून मरा. वासालु ए सिल्व्हाकडे ना विमानं ना धड दारूगोळा. भारतीय फौजा आत शिरल्यावर त्याने दीड दिवसात, १९ डिसेंबरला, शरणागती पत्करली आणि तीन हजारांवर पोर्तुगीज सैनिक जिवंत राहिले. परत गेल्यावर बक्षीस काय? १९६३ मध्ये सैन्यातून हकालपट्टी. १९७४ ला लिस्बनमध्ये क्रांती झाली तेव्हा कुठे हुद्दा परत मिळाला. १९८० मध्ये तो गोव्यात येऊनही गेला, लोकांनी आपुलकीने वागवलं असं घरातले थोरले सांगतात.

सालाझारला जनरलांना चुचकारता येत नव्हतं. तो प्राध्यापक माणूस. फ्रँको स्वतः छावणीतला, म्हणून त्याला कळायचं कुणाला काय लागतं.

---

जुनी फाईल

@पणजीकर, तुमचं शेवटचं वाक्य मूळ लेखात असायला हवं होतं. आणि निकालही बघा. पोर्तुगालची राजवट तिच्याच सैन्यातल्या कॅप्टनांनी पाडली. फ्रँको पलंगावर मेला.

---

मोरपीस

मी सध्या माद्रिदच्या दक्षिण भागात राहते. काराबांचेलमध्ये या जनरलच्या नावाचा मोठा रस्ता होता, 'पासेओ दे मुन्योस ग्रांदेस'. २००७ च्या ऐतिहासिक स्मृती कायद्याच्या आधारे महापालिकेने फ्रँकोकाळातली बरीच नावं काढली, त्यात हेही गेलं. नवीन नाव मार्सेलिनो कामाचोचं. कामाचो म्हणजे 'कोमिसिओनेस ओब्रेरास' या कामगार संघटनेचा नेता, फ्रँकोच्या राज्यात वर्षानुवर्षं तुरुंगात होता. तुरुंग कुठला? काराबांचेलचाच, जो १९४० नंतर राजकीय कैद्यांना राबवून बांधला होता आणि २००८ मध्ये पाडला.

माझी शेजारीण सत्तरीपुढची आहे. ती अजूनही रिक्षा— सॉरी, टॅक्सीवाल्याला पत्ता सांगताना जुनंच नाव घेते. राजकारण वगैरे काही नाही, आयुष्यभराची सवय. तिला विचारलं हा मुन्योस ग्रांदेस कोण होता, तर म्हणाली, "कुणीतरी जनरल. तेव्हा सगळे रस्ते जनरलांचेच होते."

---

अणुरेणू

एक भाग राहिला. मुन्योस ग्रांदेसला अणुबॉम्ब हवा होता!

स्पेनचं अणुऊर्जा मंडळ १९५१ पासून होतंच. १९६३ च्या सुमारास त्यातले शास्त्रज्ञ आणि हवाई दलाचे अधिकारी गियेर्मो वेलार्दे यांच्याकडे बॉम्ब शक्य आहे का याचा अभ्यास सोपवला गेला, आणि वेलार्दे यांच्या आठवणींनुसार त्यामागे जोर लावणारा माणूस मुन्योस ग्रांदेस होता. मोरोक्को स्वतंत्र झालेला, उद्या त्याने सेउता-मेलिया ही आफ्रिकेच्या किनाऱ्यावरची स्पॅनिश शहरं मागितली आणि अमेरिकेने हात वर केले तर काय, हा हिशेब. प्रकल्पाला नाव दिलं 'इस्लेरो'. १९४७ मध्ये ज्या बैलाने प्रसिद्ध मातादोर मानोलेतेला मारलं त्याचं नाव. (अवांतर: असलं नाव ठेवणाऱ्यांना आपल्या प्रकल्पाबद्दल नेमकं काय वाटत असेल?)

मग १७ जानेवारी १९६६ ला पालोमारेस नावाच्या खेड्यावर अमेरिकन बी-५२ आणि इंधन भरणारं विमान एकमेकांवर आदळलं आणि चार हायड्रोजन बॉम्ब खाली आले. तीन जमिनीवर, एक समुद्रात. अणुस्फोट झाला नाही, पण दोघांमधली साधी स्फोटकं फुटून प्लुटोनियम शेतांत पसरलं. वेलार्देंना तपासणीला पाठवलं होतं, आणि ते म्हणतात की तिथल्या अवशेषांवरून त्यांना हायड्रोजन बॉम्बची रचना उलगडली. त्याच वर्षी फ्रँकोने त्यांना बोलावून सांगितलं की बॉम्बचं काम पुढे ढकला, अमेरिकेशी वैर परवडणार नाही. मुन्योस ग्रांदेस नाराज. पुढच्याच वर्षी उपाध्यक्षपद गेलं.

थेट संबंध जोडता येत नाही, पण राजेशाहीच्या मुद्द्याबरोबर हेही डोक्यात ठेवावं. स्पेनने अण्वस्त्रप्रसारबंदी करारावर सही केली ती थेट १९८७ मध्ये.

---

हरकत आहे

अणुरेणू, जबरी माहिती. यामुळे धागाकर्त्याचं म्हणणं उलट बळकट होतं, हे नाइलाजाने मान्य करतो. उपाध्यक्षाला हवा असलेला बॉम्ब एका बैठकीत गुंडाळला गेला आणि उपाध्यक्षाला काहीही करता आलं नाही. एवढीच त्या खुर्चीची ताकद.

पण मग दुसरी हरकत. बाकीच्या जनरलांना फ्रँको मानाने वागवत नव्हता. केइपो दे यानोला १९३९ मध्ये लष्करी मिशनच्या नावाखाली रोमला हाकललं. याग्वेला १९४० मध्ये हवाईमंत्रिपदावरून काढून त्याच्या सान लेओनार्दो गावी बसवलं. किंदेलानला १९४६ मध्ये कॅनरी बेटांवर धाडलं. बढतीची करामत एकाच माणसापुरती असेल तर तिला पद्धत कसं म्हणणार?

---

जुनी फाईल

याग्वेचंच बघा. बादाखोसच्या कत्तलीने कुप्रसिद्ध झालेला, तोंडाचा फटकळ, फ्रँकोवर उघड बोलणारा. गावी बसवला खरा, पण तिथेच सडू दिला नाही. थोड्या काळाने मेलियाला कमांड, मग १९४३ मध्ये बुर्गोसचा लष्करी प्रांत. १९५२ मध्ये मेला तर मरणोत्तर कॅप्टन जनरल आणि वर सान लेओनार्दोचा मार्की. ज्या गावी शिक्षा म्हणून धाडला त्याच गावाची सरदारकी! केइपोलाही १९५० मध्ये मार्की केलं. कान पिळायचा, मग गूळ द्यायचा. गोळ्या फक्त हरलेल्या बाजूच्या लोकांना घातल्या, आणि त्या हजारोंनी घातल्या हे इथे विसरायला नको.

---

गणवेशातला बाप

(वडील सैन्यात होते म्हणून हे नाव.)

सगळं वाचलं. एक विचारतो. फ्रँको गेल्यावर २३ फेब्रुवारी १९८१ ला उठाव झालाच की. गुआर्दिया सिव्हिलचा लेफ्टनंट कर्नल तेखेरो संसदेत पिस्तूल घेऊन घुसला, वालेन्सियात रणगाडे रस्त्यावर आले. ते रणगाडे आणणारा मिलान्स देल बोश्क निळ्या डिव्हिजनमध्ये होता ना? मग तुमची ही पद्धत नेमकी कुठे फसली?

---

जुनी फाईल

हो, मिलान्स देल बोश्क आणि त्या कटातला दुसरा मोठा मासा आल्फोन्सो आर्मादा, दोघेही तरुणपणी रशियात मुन्योस ग्रांदेसच्या डिव्हिजनबरोबर होते.

आणि गंमत अशी की मिलान्सवर तीच करामत करून झाली होती. माद्रिदच्या दारात ब्रुनेते ही चिलखती डिव्हिजन होती, तिचा तो प्रमुख. १९७७ मध्ये त्याला लेफ्टनंट जनरल करून डिव्हिजनपासून सोडवलं आणि वालेन्सियाला पाठवलं. करामत करणारा होता जनरल गुतिएरेस मेयादो, लोकशाही सरकारचा उपाध्यक्ष. तोही १९२९ चा सारागोसा अकादमीचा विद्यार्थी, जिचा संचालक तेव्हा फ्रँको होता. चाल तीच खेळला, पण घर चुकलं. फ्रँकोने मुन्योस ग्रांदेसला राजवाड्यात आणून बसवलं होतं. मिलान्सला जिथे पाठवलं तिथेही रणगाडे होतेच, आणि माद्रिद साडेतीनशे किलोमीटर लांब. शिवाय जुने ब्रुनेतेवाले त्याला अजून आपला साहेब मानत होते.

त्या संध्याकाळी ६८ वर्षांचा गुतिएरेस मेयादो संसदेत उठून तेखेरोच्या माणसांवर ओरडत गेला, आणि गोळ्या सुटून जवळजवळ सगळे खासदार बाकांखाली गेले तरी उभाच राहिला. त्यांनी त्याला धक्काबुक्की केली, पाडायचा प्रयत्न केला, तो पडला नाही. ते चित्रीकरण नेटवर आहे, न बघितलेल्यांनी बघा. फ्रँकोसाठी माद्रिदमध्ये गुप्त हेरगिरी केलेला हा माणूस.

---

आडवाट

गुतिएरेस मेयादोवर स्वतंत्र धागा काढा आता. आणि मुन्योस ग्रांदेसच्या जागी १९७० मध्ये आल्तो एस्तादो मायोरला कोण आलं?

---

जुनी फाईल

मानुएल दिएस-आलेग्रिया. वाचणारा, उदारमतवादी, राजकारणापासून सैन्य दूर ठेवा म्हणणारा. १९७४ मध्ये बुखारेस्टला जाऊन रुमानियाचा कम्युनिस्ट हुकूमशहा चाउशेस्कू याला भेटला आणि परत आल्यावर पद गेलं. हा काही मान देऊन बाजूला काढलेला नव्हे, सरळ काढलेला. तोवर साहेब ८१ वर्षांचे होते आणि चाली खेळायची उमेद दुसऱ्यांकडे गेली होती. १९७६ मध्ये, फ्रँको गेल्यावर, त्याला राजदूत म्हणून कैरोला पाठवलं. मेयादो त्याचाच माणूस, दोघांना एकत्र घेऊन लिहितो. दिवाळीनंतर.